मोझेस फ्लीटवुड वॉकर : एका कॅचरची कारकीर्द व एक अलिखित नियम

१

अमेरिकेतील व्यावसायिक बेसबॉलच्या इतिहासात १५ एप्रिल १९४७ ही तारीख विशेष महत्त्वाची मानली जाते. त्या दिवशी जॅकी रॉबिन्सन हा कृष्णवर्णीय खेळाडू ब्रुकलिन डॉजर्स या संघातून मैदानावर उतरला आणि वर्णभेदाची भिंत कोसळली, असे सर्वसाधारणपणे सांगितले जाते. हे विधान खोटे नाही; परंतु त्यातून एक चुकीची समजूत पसरते. ही भिंत व्यावसायिक खेळाच्या आरंभापासूनच उभी होती, असे त्यावरून वाटू लागते. वस्तुतः रॉबिन्सनच्या त्रेसष्ट वर्षे आधी, १ मे १८८४ रोजी, मोझेस फ्लीटवुड वॉकर हा ओहायो राज्यातील कृष्णवर्णीय तरुण टोलिडो ब्लू स्टॉकिंग्ज या संघाचा कॅचर म्हणून अमेरिकन असोसिएशन या प्रथम दर्जाच्या लीगमध्ये खेळला होता. त्याच्याही आधी, १८७९ साली, विल्यम एडवर्ड व्हाइट हा मिश्रवंशीय तरुण प्रॉव्हिडन्स संघाकडून एक सामना खेळल्याचे अलीकडील संशोधनाने दाखवून दिले आहे. परंतु व्हाइट समाजात गोरा म्हणूनच वावरत असे. उघडपणे कृष्णवर्णीय म्हणून ज्ञात असलेला प्रथम दर्जाच्या लीगमधील पहिला खेळाडू हे स्थान म्हणून वॉकरकडेच राहते.

याचा अर्थ असा की, भिंत मुळात नव्हती. ती मागाहून बांधली गेली. ती कोणी, केव्हा व कोणत्या रीतीने बांधली, हा प्रश्न इतिहासाच्या अभ्यासकाला कठीण जातो, कारण तिचा लिखित पाया सापडत नाही. हौशी संघांच्या राष्ट्रीय संघटनेने डिसेंबर १८६७ मध्ये कृष्णवर्णीय सभासद असलेल्या संघांना प्रवेश नाकारला होता. परंतु ही संघटना १८७०-७१ च्या सुमारास मोडली आणि तिचा निर्णयही तिच्याबरोबर संपला. त्यानंतर आलेल्या प्रमुख व्यावसायिक लीगांच्या नियमावलीत असे कलम कधीच घालण्यात आले नाही. १९४२ साली बेसबॉलचे तत्कालीन आयुक्त न्यायमूर्ती लँडिस यांनी कृष्णवर्णीयांना मज्जाव करणारा कोणताही नियम अस्तित्वात नाही, असे जाहीरपणे सांगितले. कागदापुरते ते खरे होते. पण त्या वेळी त्या लीगांत एकही कृष्णवर्णीय खेळाडू नव्हता. जो नियम कोणी लिहिला नाही, त्याचा इतिहास कसा शोधावा? वॉकरच्या कारकिर्दीचा अभ्यास या दृष्टीने उद्बोधक ठरतो.

२

वॉकरचे कार्य समजण्यासाठी कॅचरचे स्थान काय असते, हे आधी पाहिले पाहिजे. क्रिकेटमधील यष्टिरक्षकाशी त्याचे साम्य सहज लक्षात येते. पिचर म्हणजे चेंडू फेकणारा खेळाडू. त्याने फेकलेला आणि फलंदाजाने न टोलवलेला चेंडू अडविणे हे कॅचरचे पहिले काम. मात्र साम्य येथेच संपते. बेसबॉलमध्ये चेंडू टप्पा न खाता सरळ येतो आणि वॉकरच्या काळी पिचर व फलंदाज यांच्यामधील अंतर केवळ ५० फूट होते. ६० फूट ६ इंच हे आजचे अंतर १८९३ साली ठरले. शिवाय फलंदाजाच्या बॅटची कड लागून दिशा बदललेला चेंडू कॅचरच्या हातावर, तोंडावर वा छातीवर आदळण्याचा धोका सतत असे.

त्या काळी संरक्षणाची साधने नुकतीच कोठे येऊ लागली होती. चेहऱ्यावरील तारांचा मुखवटा हार्वर्ड विद्यापीठाच्या फ्रेड थेअर याने १८७७ च्या सुमारास बनविला व १८७८ साली त्याचे पेटंट घेतले. छातीवरील गादी १८८० नंतरच्या दशकाच्या मध्यास प्रचारात आली; जाड अस्तराचा मोठा हातमोजा त्याच दशकाच्या अखेरीस. नडगीवरील कवच प्रमुख लीगमध्ये रूढ करण्याचे श्रेय रॉजर ब्रेस्नाहन याला १९०७ साली मिळाले. वॉकर तर पुष्कळदा उघड्या हातांनी, फार तर पातळ चामडी मोजे घालून झेल घेई. बोटे मोडणे, नखे फुटणे हा या धंद्याचा नित्यक्रम होता. त्यामुळे एक कॅचर मोसमातील सर्व सामने खेळू शकत नसे आणि प्रत्येक संघाला दोन-तीन कॅचर बाळगावे लागत.

या स्थानाचे दुसरे वैशिष्ट्य अधिक महत्त्वाचे आहे. पुढचा चेंडू कोणत्या प्रकारचा असावा, याची खूण कॅचर पिचरला करतो. चेंडू कोठे वळणार, हे आधी ठाऊक असेल तरच तो सुरक्षितपणे पकडता येतो. म्हणजे कॅचरचे कौशल्य त्याच्या एकट्याच्या हातात नसते. पिचरच्या विश्वासावर व सहकार्यावर ते अवलंबून असते. मैदानावरील इतर कोणत्याही खेळाडूपेक्षा कॅचर सहकाऱ्याच्या सद्भावाला अधिक बांधलेला असतो. वॉकरच्या बाबतीत हीच गोष्ट निर्णायक ठरली.

३

वॉकरचा जन्म ओहायो राज्यातील माउंट प्लेझंट या गावी ७ ऑक्टोबर १८५६ रोजी झाला. क्वेकर पंथीयांची वस्ती असलेले हे गाव दक्षिणेतून पळून येणाऱ्या गुलामांना आश्रय देण्याबद्दल प्रसिद्ध होते. त्याचे वडील पुढे स्ट्यूबेनव्हिल येथे वैद्यकी करीत. नंतर ते धर्मोपदेशकही झाले. १८६५ साली यादवी युद्ध संपले आणि गुलामगिरी कायद्याने नष्ट झाली; १८६८ व १८७० च्या घटनादुरुस्त्यांनी कृष्णवर्णीयांना नागरिकत्व आणि त्यांच्यातील पुरुषांना मताधिकार मिळाला. हा आशेचा काळ होता. या घटनेचे पडसाद महाराष्ट्रातही उमटले होते. महात्मा जोतीराव फुले यांनी १८७३ साली प्रसिद्ध झालेला आपला ‘गुलामगिरी’ हा ग्रंथ, गुलामांच्या मुक्ततेसाठी झटलेल्या अमेरिकेतील लोकांना अर्पण केला, तेव्हा वॉकर सतराव्या वर्षात होता. त्या मुक्ततेचे पुढच्या पिढीत काय झाले, याची एक लहानशी पण स्पष्ट नोंद या खेळाडूच्या आयुष्यात वाचावयास मिळते.

१८७८ साली वॉकर ओबर्लिन महाविद्यालयात दाखल झाला. १८३५ पासूनच कृष्णवर्णीय विद्यार्थ्यांना प्रवेश देणारी ही संस्था होती. १८८१ साली महाविद्यालयाचा पहिला आंतरमहाविद्यालयीन बेसबॉल संघ उभा राहिला, तेव्हा वॉकर त्याचा कॅचर होता व त्याचा धाकटा भाऊ वेल्डी हाही संघात होता. या संघाने मिशिगन विद्यापीठाचा ९ विरुद्ध २ असा पराभव केला. हरलेल्या विद्यापीठाने पुढच्याच वर्षी वॉकरला आपल्याकडे ओढून घेतले आणि तो तेथे कायद्याचा अभ्यास करू लागला. दोन्ही ठिकाणची पदवी मात्र त्याने पुरी केली नाही. बेसबॉलपासून मिळणारे वेतन त्या काळी सुशिक्षित तरुणालाही आकर्षक वाटण्याजोगे होते.

४

वर्णरेषेच्या इतिहासातील पहिली ठळक नोंद ऑगस्ट १८८१ मधील आहे. क्लीव्हलंडच्या एका शिवणयंत्र कंपनीच्या संघातर्फे वॉकर केंटकी राज्यातील लुइव्हिल येथे खेळावयास गेला असता तेथील एक्लिप्स संघाने त्याच्याबरोबर खेळण्यास नकार दिला. वॉकरला बाहेर बसविण्यात आले. त्याच्या जागी उभा राहिलेला खेळाडू एका डावातच हात दुखावून बाजूला झाला. तेव्हा प्रेक्षकांनी वॉकरच्या नावाचा पुकारा सुरू केला, तो मैदानात आला, चेंडू झेलण्याचा थोडा सरावही त्याने केला. परंतु एक्लिप्सचे दोन खेळाडू मैदान सोडून निघून गेल्यामुळे त्याला परत फिरावे लागले. या प्रसंगात एक गोष्ट नोंदण्यासारखी आहे. पूर्वी गुलामगिरीची प्रथा असलेल्या राज्यातील प्रेक्षक त्याला बोलावीत होते. अडविणारे होते ते प्रतिस्पर्धी खेळाडू.

१८८३ साली वॉकर टोलिडो संघात आला. हा संघ त्या वेळी नॉर्थवेस्टर्न लीगमध्ये होता. मोसम सुरू होण्यापूर्वी, मार्च १८८३ मध्ये, पिओरिया संघाच्या प्रतिनिधीने लीगच्या बैठकीत कृष्णवर्णीय खेळाडूंना बंदी घालण्याची सूचना मांडली. तिचा रोख उघडपणे वॉकरवर होता. चर्चेनंतर ती सूचना बारगळली. त्या मोसमात टोलिडोने अजिंक्यपद मिळविले.

त्याच वर्षी १० ऑगस्ट रोजी शिकागोचा नामवंत संघ टोलिडो येथे प्रदर्शनीय सामन्यासाठी आला. शिकागोचा कर्णधार एड्रियन अँसन हा त्या काळातील अत्यंत प्रभावी खेळाडू. वॉकर मैदानावर असेल तर आपला संघ खेळणार नाही, असे त्याने सांगितले. वॉकरचा हात दुखावलेला असल्याने त्याला त्या दिवशी विश्रांती द्यावयाची, असे आधीच ठरले होते. परंतु अँसनची भाषा ऐकून टोलिडोचा व्यवस्थापक चार्ली मॉर्टन याने वॉकरला मुद्दाम संघात घेतले आणि न खेळल्यास शिकागोला प्रवेशशुल्कातील वाटा मिळणार नाही, असे बजावले. अँसन खेळला. दहा डावांनंतर शिकागोने सामना ७ विरुद्ध ६ असा जिंकला. पण यापुढे अशा संघाशी आपण खेळणार नाही, असेही अँसनने सुनावले.

या घटनेचा दुसरा अंक कमी परिचित आहे. पुढील वर्षीचा सामना ठरविताना, एप्रिल १८८४ मध्ये, शिकागो संघाच्या कार्यालयाकडून मॉर्टनला एक पत्र गेले. टोलिडोतर्फे कोणीही कृष्णवर्णीय खेळणार नाही, याची हमी त्यात मागितली होती. व्यवस्थापनाचा स्वतःचा काही आक्षेप नाही, आक्षेप खेळाडूंचा आहे, असा त्यातील सूर होता. अलिखित नियम कसा घडतो, याचा हा नमुना होय. १८८३ मध्ये मैदानावर उघडपणे मांडलेली आणि हाणून पाडलेली मागणी वर्षभरात खाजगी पत्रव्यवहारातील अट झाली. शिवाय त्या अटीची जबाबदारी कोणीच स्वतःकडे घेत नव्हते.

५

१८८४ साली टोलिडोचा संघ अमेरिकन असोसिएशनमध्ये समाविष्ट झाला. वॉकरचा पहिला सामना नेमका लुइव्हिल येथे, एक्लिप्स संघाविरुद्धच झाला. १८८१ मध्ये ज्यांनी त्याला बाहेर बसविले होते, त्या संघाशी आता लीगच्या वेळापत्रकानुसार खेळणे भाग होते. वॉकरचा तो दिवस चांगला गेला नाही. त्याच्याकडून चार चुका झाल्या आणि टोलिडो ५ विरुद्ध १ असा हरला.

संपूर्ण मोसमात तो ४२ सामने खेळला. १५२ वेळा फलंदाजीस येऊन त्याने ४० यशस्वी टोले मारले, म्हणजे सरासरी.२६३ पडली. या आकड्याचे मोल तुलनेने कळते. त्याच वर्षी त्याच संघात जेम्स ‘डीकन’ मॅग्वायर हा गोरा कॅचर होता; त्याने ४५ सामन्यांत .१८५ अशी सरासरी राखली. तो अठ्ठावीस वर्षांच्या काळात एकूण सव्वीस मोसम प्रमुख लीगांत खेळला व १९१२ मध्ये निवृत्त झाला. वॉकरला एकच मोसम मिळाला. मॅग्वायर पुढे श्रेष्ठ कॅचर म्हणून मान्यता पावला, हे खरे. परंतु सुधारण्यास लागणारा अवधी त्याला मिळाला, हेही तितकेच खरे आहे.

टोलिडोचा प्रमुख पिचर टोनी मुलेन याने त्या वर्षी ३६ सामने जिंकून दिले. १९१९ साली, म्हणजे पस्तीस वर्षांनंतर, त्याने न्यूयॉर्कमधील एका कृष्णवर्णीय वृत्तपत्राजवळ जी कबुली दिली, ती या विषयातील महत्त्वाचे साधन होय. आपण ज्यांच्याबरोबर खेळलो त्यांत वॉकर हा सर्वोत्तम कॅचर होता, असे त्याने सांगितले. परंतु कृष्णवर्णीय माणसाविषयी आपल्या मनात तिटकारा होता, म्हणून त्याच्या खुणांकडे लक्ष न देता आपल्याला वाटेल तसा चेंडू आपण फेकत असू, असेही तो म्हणाला. वॉकर एकदा त्याच्याजवळ येऊन म्हणाला की, खुणेशिवाय येणारा चेंडू मी पकडीन, पण यापुढे खूण करणार नाही. उरलेला मोसम त्याने याच रीतीने काढला.

कॅचरच्या कामाविषयी वर जे विवेचन केले, त्याच्या प्रकाशात ही कबुली वाचली पाहिजे. पन्नास फुटांवरून येणारा चेंडू कोणीकडे वळणार, हे ठाऊक नसताना जवळजवळ उघड्या हातांनी तो पकडावयाचा, असा हा प्रकार होता. त्यातून होणाऱ्या चुका आकडेवारीत वॉकरच्या नावावर जमा झाल्या. त्यांचे कारण कोणत्याही तक्त्यात नोंदले गेले नाही. आकडे खोटे नसतात, परंतु ते ज्या परिस्थितीत निर्माण होतात ती परिस्थिती आकड्यांत दिसत नाही, ही संशोधनातील सावधगिरी येथे विशेष लागू पडते.

त्या जुलै महिन्यात चेंडू लागून वॉकरची बरगडी मोडली. त्याच सुमारास भाऊ वेल्डी काही सामन्यांपुरता संघात आला. सप्टेंबरमध्ये व्हर्जिनिया राज्यातील रिचमंड येथून मॉर्टनला एक धमकीचे पत्र आले. वॉकर खेळाच्या पोशाखात दिसल्यास पंचाहत्तर माणसे त्याच्यावर तुटून पडतील, असा त्याचा आशय होता. त्या दौऱ्यापूर्वीच दुखापतग्रस्त वॉकरला संघातून मुक्त करण्यात आले. प्रमुख लीगमधील त्याची कारकीर्द येथे संपली.

६

यानंतरची पाच वर्षे वॉकर दुय्यम लीगांत खेळला. १८८५ मध्ये क्लीव्हलंड व नंतर वॉटरबरी, १८८७ मध्ये न्यूअर्क आणि १८८८-८९ मध्ये सिरॅक्यूज असा त्याचा प्रवास झाला. न्यूअर्क येथे जॉर्ज स्टोव्ही हा कृष्णवर्णीय पिचर त्याचा जोडीदार होता. संघटित व्यावसायिक बेसबॉलमधील पिचर व कॅचर दोघेही कृष्णवर्णीय असलेली ही पहिली ज्ञात जोडी. इंटरनॅशनल लीगमध्ये त्या वर्षी इतरही कृष्णवर्णीय खेळाडू होते. बफलोचा फ्रँक ग्रँट हा त्यांतील अग्रगण्य.

१४ जुलै १८८७ या एकाच दिवशी दोन घटना घडल्या. न्यूअर्क येथे शिकागोचा प्रदर्शनीय सामना होता. अँसनच्या हट्टापुढे या वेळी न्यूअर्कने मान तुकविली. स्टोव्ही आजारी असल्याचे कारण सांगण्यात आले आणि वॉकरही खेळला नाही. त्याच दिवशी बफलो येथे इंटरनॅशनल लीगच्या संचालकांनी, यापुढे कृष्णवर्णीय खेळाडूंशी होणारे नवे करार मंजूर करू नयेत, असे सहा विरुद्ध चार मतांनी ठरविले. १८८३ मध्ये ज्या प्रवेशशुल्काच्या हिशेबाने अँसनला खेळावे लागले होते, तोच हिशेब आता त्याच्या बाजूने झुकला होता. मॉर्टनच्या जागी दुसरा व्यवस्थापक असता तर १८८३ मध्येही हेच घडले असते. आणि न्यूअर्कला मॉर्टन लाभता तर १८८७ मध्ये कदाचित ते टळले असते. सारा दोष एका अँसनच्या माथी मारण्याची प्रथा म्हणून अपुरी वाटते. त्याची मागणी मान्य करणारे व्यवस्थापक आणि त्यावर शिक्कामोर्तब करणारे संचालक यांच्यावाचून ती निष्फळ होती.

मार्च १८८८ मध्ये वेल्डी वॉकरने ‘स्पोर्टिंग लाइफ’ या नियतकालिकात एक अनावृत पत्र प्रसिद्ध करून दुसऱ्या एका लीगच्या अशाच धोरणाचा निषेध केला. खेळाडूला वगळावयाचे तर ते कौशल्य, वर्तन वा बुद्धी यांच्या अभावी वगळावे. रंग हे त्याचे कारण असू शकत नाही, असा त्याचा युक्तिवाद होता.

बफलोचा ठराव तंतोतंत अमलात आला नाही. वॉकर १८८८ मध्ये सिरॅक्यूजकडून खेळला व त्या संघाने अजिंक्यपदही मिळविले. परंतु एकेक करून इतर कृष्णवर्णीय खेळाडू बाहेर पडत गेले. ऑगस्ट १८८९ मध्ये वॉकरलाही मुक्त करण्यात आले. येथे अभ्यासकाने न्यायबुद्धीने एक गोष्ट मान्य केली पाहिजे. वॉकरचे वय तेहतिशीकडे झुकले होते आणि १८८८ मध्ये त्याची सरासरी .१७० पर्यंत खाली आली होती. त्याला काढण्यास केवळ खेळाच्या दृष्टीनेही पुरेसे कारण होते. १८८४ मध्ये दुखापतीचे कारण होते, १८८७ मध्ये स्टोव्हीच्या आजाराचे कारण सांगितले गेले. प्रत्येक प्रसंग सुटा घेतला तर त्याचे काही ना काही स्पष्टीकरण मिळते. नियम दिसतो तो पुढे काय घडले, हे पाहिल्यावर. वॉकर गेल्यानंतर त्या लीगमध्ये दुसरा कृष्णवर्णीय खेळाडू आला तो १९४६ साली, मॉन्ट्रिऑल संघातून जॅकी रॉबिन्सनच्या रूपाने. सत्तावन्न वर्षांत एकही योग्य खेळाडू निर्माण झाला नाही, असे कोणी म्हणू शकणार नाही. अलिखित नियमाचा पुरावा बाहेर पडणाऱ्यांच्या कारणांत सापडत नाही. आत येणारे थांबले, या वस्तुस्थितीत तो असतो.

७

वॉकरचे उत्तरायुष्य विविध व अस्वस्थ होते. एप्रिल १८९१ मध्ये सिरॅक्यूज येथे काही गोऱ्या माणसांशी झालेल्या झटापटीत त्याच्या चाकूने एकाचा मृत्यू झाला; जूनमध्ये गोऱ्या पंचांनी त्याला निर्दोष ठरविले. पुढे रेल्वे टपालखात्यात नोकरी करीत असता टपालातील रकमेच्या अपहाराबद्दल त्याला १८९८ मध्ये एक वर्षाची कैद झाली. त्याच माणसाने तोफगोळ्याच्या रचनेचे व नंतर चित्रपटाच्या रिळांसंबंधीच्या साधनांचे पेटंट मिळविले, कॅडिझ या गावी नाट्यगृह चालविले आणि वेल्डीसह एक वृत्तपत्रही काढले.

१९०८ साली त्याने ‘अवर होम कॉलनी’ ही सत्तेचाळीस पृष्ठांची पुस्तिका प्रसिद्ध केली. अमेरिकेत कृष्णवर्णीयांना समान स्थान मिळण्याची आशा व्यर्थ असून आफ्रिकेत जाऊन वसाहत करणे हाच कायमचा उपाय आहे, असे मत त्यात मांडले आहे. हा निष्कर्ष वादग्रस्त आहे आणि तो स्वीकारण्याचे कारण नाही. परंतु तो काढणारा मनुष्य ओबर्लिन व मिशिगन येथे गोऱ्या विद्यार्थ्यांबरोबर शिकलेला आणि गोऱ्या सहकाऱ्यांबरोबर अजिंक्यपदे जिंकलेला होता, हे लक्षात घेतले पाहिजे. १८८३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने १८७५ च्या नागरी हक्क कायद्यातील प्रमुख तरतुदी रद्द ठरविल्या आणि १८९६ च्या प्लेसी खटल्यात वेगळेपणाला घटनात्मक मान्यता दिली. देशाच्या न्यायालयांत जे घडत होते, तेच वॉकरने खेळाच्या मैदानावर टप्प्याटप्प्याने अनुभवले होते.

११ मे १९२४ रोजी क्लीव्हलंड येथे तो मरण पावला. स्ट्यूबेनव्हिल येथील त्याच्या दफनभूमीवर अनेक दशके नावाचा दगडही नव्हता. ओबर्लिनच्या क्रीडाप्रेमी माजी विद्यार्थ्यांच्या पुढाकाराने तो १९९० नंतर बसविला गेला. अमेरिकन व नॅशनल या दोन लीगांत वॉकरनंतरचा पहिला कृष्णवर्णीय कॅचर, रॉय कॅम्पानेला, २० एप्रिल १९४८ रोजी मैदानावर आला. तो पुढे १९५१, १९५३ व १९५५ असा तीन वेळा नॅशनल लीगचा सर्वश्रेष्ठ खेळाडू ठरला. त्याने केलेल्या खुणा त्याच्या संघातील गोरे पिचर पाळीत असत.